मुलीला चेलोच वाजवायचाय, दहावीनंतर काय?

पुण्याहून एका आईने विचारलंय: "मुलगी दहावीत आहे. सहा वर्षं व्हायोलिन, आता दोन वर्षं चेलो. चौथी ग्रेड झाली. बाखच्या चेलो सुइट्सची (एकट्या चेलोसाठी लिहिलेल्या रचनांच्या मालिका) जुनी रेकॉर्डिंग्ज ऐकून कोण काय वेगळं वाजवतं याची वही भरते. यातच करिअर करायचं म्हणते. सायन्स सोडू द्यावं का?"

शाखेचं आधी उरकू. परदेशातल्या संगीत महाविद्यालयांचा मुख्य निकष ऑडिशन. त्यांना बारावीचा निकाल लागतो, शाखेशी फारसं देणंघेणं नसतं. आर्ट्स घ्या. सायन्सच्या क्लासात जाणारे तास तिला सरावाला हवे आहेत.

तिची खरी अडचण व्हायोलिनचा हात ही असू शकते. व्हायोलिनवर बोटं तिरपी पडतात. चेलोच्या पहिल्या पोझिशनमध्ये (हात मानेच्या वरच्या टोकाशी असताना) ती जवळपास आडवी, अर्ध्या-अर्ध्या स्वराच्या अंतरावर हवीत. चौथं बोट बेसूर लागलं की मुलं अंगठ्याने चेलोची मान आवळतात आणि मग पोझिशन बदलताना हात अडकतो. उजव्या कोपराचंही उलटं: व्हायोलिनवर खर्जाच्या तारेला कोपर वर जातं, चेलोवर खाली येतं. शिक्षकांना नेमकं हेच तपासायला सांगा, आणि अंगठा पूर्ण सोडून रोज दहा मिनिटं सावकाश स्केल वाजवून घ्या.

ऑडिशनला साधारणपणे बाखच्या सुइटमधले दोन परस्परविरोधी भाग, एक एट्यूड, म्हणजे सरावासाठीची रचना (बहुतेकदा चेलोवादक पॉपरच्या चाळीसांपैकी) आणि कॉन्चेर्टोचा (एकल वाद्य आणि ऑर्केस्ट्रा यांच्या रचनेचा) पहिला भाग मागतात. चौथ्या ग्रेडवरून तीन वर्षांत तिथे पोहोचणं अवघड आहे, बारावीनंतर एक वर्ष हाताशी धरा. एबीआरएसएम या ब्रिटिश संस्थेच्या परीक्षा देणार असाल तर सहाव्या ग्रेडपासून पुढे आधी पाचव्या ग्रेडची थिअरी लागते. ट्रिनिटी या दुसऱ्या ब्रिटिश संस्थेला ती अट नाही.

आता ती वही. मला पत्रात सगळ्यात जास्त रस तिच्यात वाटला. सुइट्सची बाखच्या हातची प्रत सापडलेली नाही. मुख्य आधार त्याची बायको आना माग्दालेना हिने केलेली नक्कल, आणि तिच्यात स्लर (एकाच बोमध्ये जोडून वाजवायचे स्वर दाखवणारी वक्ररेषा) कुठल्या स्वरावर सुरू होतो नि कुठे संपतो, हे अनेक जागी कळत नाही. केल्नर या दुसऱ्या नकलकाराच्या १७२६ च्या नकलेत काही जागी वेगळंच आहे. चेलोवादक कासाल्सचं १९३६–३९ चं रेकॉर्डिंग आणि बिल्स्माचं १९७९ चं, आतड्याच्या तारांवरचं, इतकं निराळं ऐकू येतं त्याचं एक कारण हेच. दुसरं कारण वाद्याचं: जमिनीवर टेकवायचा दांडा एकोणिसाव्या शतकात रुळला. त्याआधी चेलो पोटऱ्यांत धरत.

तिला एक काम द्या. पहिल्या सुइटच्या जी मेजर प्रेल्यूडचे पहिले चार बार (तालाची मापं), हस्तलिखिताची प्रत समोर ठेवून (नेटवर मोफत मिळते), तीन प्रकारच्या स्लरने वाजवायचे आणि प्रत्येकात बो (गज) कुठे संपतो, जोर कुठे पडतो ते वहीत लिहायचं. महिनाभर हे कंटाळा न येता चाललं, तर ऐतिहासिक वादन (त्या काळच्या वाद्यांवर, त्या काळच्या पद्धतीने) हा तिचा रस्ता असू शकतो. स्वित्झर्लंडमधल्या बाझेलची स्कोला कान्टोरुम आणि नेदरलँड्समधल्या हेगचं रॉयल कॉन्झर्व्हेटोअर यासाठी ओळखली जातात. तिथे हार्मनी आणि कीबोर्ड, बाझेलला जर्मनही, उपयोगी पडतं. पियानो आणि जर्मन अकरावीतच सुरू करा; बाकीचं थांबू शकतं.

पैशांचं स्पष्ट सांगायचं तर भारतात चेलोवादकाचं मुख्य उत्पन्न शिकवण्यातून येतं. मुंबईच्या एनसीपीएमध्ये २००६ पासून सिम्फनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया आहे, पण जागा थोड्या आणि परदेशी वादकही बरेच. परत येऊन फक्त वाजवून घर चालवायचं, हे गृहीत धरू नका.

आणि पावसाळा. दमटपणाने खुंट्या जाम होतात, पाठीचे सांधे सुटू शकतात; एसीच्या कोरड्या हवेत त्याच खुंट्या घसरतात. तारा बदलताना एकावेळी एकच काढा. चारही सैल केल्या तर आतला साउंडपोस्ट (पुढच्या-मागच्या फळीत उभा असलेला लाकडी खांब) पडू शकतो, आणि तो बसवणारा कारागीर सहज मिळत नाही. वाजवून झाल्यावर बोचे केस सैल करून ठेवायला तिला आजच सांगा.