टेलिव्हिजनच्या सुरुवातीच्या काळात पडद्यामागच्या माणसांना खरंच एवढं काम असायचं का?

तुमचा प्रश्न असा आहे की तेव्हाचे कार्यक्रम साधे, सेट दोन-तीनच, मग पडद्यामागे एवढं काम ते काय असणार? आणि असलंच तर त्या लोकांची नावं कुणाला का ठाऊक नाहीत?

मी व्हिडिओ संकलनाचं काम करते. चुकलं की मागे जाते, दुरुस्त करते. त्या लोकांना मागे जाताच येत नव्हतं. नाटक थेट चालू असायचं आणि संकलन त्याच क्षणी, त्याच अंधाऱ्या स्टुडिओत, माणसांच्या हातांनी व्हायचं.

बीबीसीने २ नोव्हेंबर १९३६ ला अलेक्झांड्रा पॅलेसमधून नियमित प्रक्षेपण सुरू केलं, तेव्हाच्या एमिट्रॉन कॅमेऱ्याच्या व्ह्यूफाइंडरमध्ये चित्र उलटं दिसायचं. नट उजवीकडे सरकला की दिसायचा डावीकडे, तोही डोकं खाली पाय वर. ते बघत कॅमेरा योग्य दिशेला वळवायची सवय हाताला लावावी लागे. पुढे कॅमेऱ्यावर चार भिंगांची फिरती तबकडी आली. जवळचं दृश्य हवं तर तबकडी फिरवून दुसरं भिंग समोर आणायचं, पण ते फक्त आपला कॅमेरा 'ऑन एअर' नसताना. म्हणजे दुसऱ्या कॅमेऱ्यावर एखादं वाक्य चालू असेल तेवढ्या वेळात भिंग बदला, जागा बदला, फोकस जुळवा आणि थांबा. कॅमेऱ्याची गाडी ढकलणारा माणूस वेगळा. मागची जाड केबल दुसऱ्या कॅमेऱ्याच्या केबलमध्ये अडकू नये म्हणून ती उचलत, ओढत, गुंडाळत फिरणारा आणखी वेगळा, आणि हे सगळं आवाज न करता.

मला सगळ्यात जास्त आदर वाटतो तो बूम सांभाळणाऱ्यांचा. हा माणूस चाकाच्या गाडीवर उभा राहून लांब दांड्याच्या टोकाचा माइक नटांच्या डोक्यावर धरायचा. एका हाताने दांडा लांब-आखूड करायचा, दुसऱ्या हाताने माइकचं तोंड बोलणाऱ्याकडे वळवायचं. पुढचं वाक्य कुणाचं, हे त्याला नटाइतकंच पाठ असावं लागे, कारण वाक्य सुरू झाल्यावर माइक वळवला तर पहिला शब्द गेलाच. माइक खाली आला तर चित्रात दिसणार, वर गेला तर आवाज पोकळ होणार. त्यात तेव्हाच्या कॅमेऱ्यांना भरपूर प्रकाश लागायचा आणि तेवढ्या दिव्यांत दांड्याची सावली कुठल्या ना कुठल्या भिंतीवर पडायचीच. ती कुणाच्या तोंडावर पडू नये, हे प्रकाशयोजनाकार आणि तो, दोघांनी मिळून तालमीतच ठरवायचं.

३० नोव्हेंबर १९५८ ला ब्रिटनमध्ये एक नाटक थेट प्रक्षेपित होत असताना गॅरेथ जोन्स हा नट दोन प्रवेशांच्या मधल्या वेळात कोसळला आणि वारला. नाटक थांबलं नाही. नटांनी ऐनवेळी संवाद बदलून वेळ निभावली, हे अनेकदा सांगितलं जातं. पण कॅमेरे आणि माइक त्या नटाच्या जागा धरून आखलेले होते. ती आखणी कोसळल्यावरही चित्र आणि आवाज घरोघरी पोचत राहिले, हे कुणाचं काम होतं?

१९५६ मध्ये अँपेक्स या अमेरिकी कंपनीचं व्हिडिओ टेपचं यंत्र आलं, तरी माझ्यासारख्यांचं काम लगेच सोपं झालं नाही. दोन इंच रुंद टेपवर चित्र डोळ्यांना दिसत नाही. म्हणून लोखंडाची बारीक पूड मिसळलेलं द्रावण तिच्यावर लावायचं, उमटलेल्या रेषा सूक्ष्मदर्शकातून बघायच्या आणि नेमक्या रेषेवर ब्लेडने कापून जोडायचं. किंचित चुकलं तर जोडाशी चित्र उडायचं. त्यातून आवाज त्याच टेपवर, पण चित्राच्या कित्येक इंच पुढेमागे. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा बराच वेळ माझ्या कीबोर्डवरच्या 'अनडू'कडे बघत बसले होते.

नावांबद्दल एकच उदाहरण देते. 'डॉक्टर हू' या बीबीसीच्या विज्ञानकथा मालिकेचं शीर्षकसंगीत १९६३ चं. रचना रॉन ग्रेनर यांची, पण ते प्रत्यक्ष घडवलं बीबीसीच्या ध्वनिविभागात काम करणाऱ्या डेलिया डर्बीशायर यांनी. एकेक सूर वेगळा ध्वनिमुद्रित करून, टेपचा वेग कमीजास्त करून, तुकडे कापून आणि चिकटवून. ते ऐकून ग्रेनर यांनी श्रेय वाटून घ्यायची तयारी दाखवली. बीबीसीच्या नियमांत ते बसलं नाही. डर्बीशायर २००१ मध्ये वारल्या आणि पडद्यावर त्यांचं नाव आलं ते २०१३ मध्ये.

इतरांचं तर कामही उरलं नाही. थेट प्रक्षेपणं बहुतेक वेळा नोंदवलीच जात नव्हती, आणि टेप महाग म्हणून पुसून पुन्हा वापरल्या जात. जे वाचलंय त्यातलं बरंचसं, टीव्हीच्या पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावून टिपलेलं आहे. असं एखादं जुनं नाटक मिळालं तर चित्राच्या वरच्या कडेकडे लक्ष ठेवून बघा. कधीतरी माइकचं टोक क्षणभर खाली येतं आणि झटकन वर जातं. तो वर ओढणारा हात, त्याच्याबद्दल तुम्ही विचारलंय.