सूर-प्रकाश रचताना आधी अंतर ठरवा

तुमच्या कल्पित जगात सुराबरोबर उजेड उमटणार असेल, तर रंगांच्या आधी अंतराचा विचार करा. साधारण २० अंश सेल्सिअसच्या हवेत आवाज सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो, प्रकाश जवळपास ३ लाख किलोमीटर. म्हणजे किलोमीटरभर लांबच्या डोंगरावरचा झोत आधी दिसेल आणि सूर तब्बल तीन सेकंदांनी ऐकू येईल. नवखे इथेच फसतात: अख्खं खोरं एका तालात लखलखतं! एकतर घटना ३० मीटरच्या आत ठेवा (फरक ०.०९ सेकंद, सहसा खटकत नाही), नाहीतर या उशिरालाच नियम करा, पात्रं त्यावरून अंतर मोजतील. मला दुसरा मार्ग जास्त आवडतो.

रंग मनाला येतील तसे वाटू नका. ४४० हर्ट्झच्या सुराची कंपनसंख्या ४० वेळा दुप्पट केली की सुमारे ६२० नॅनोमीटर तरंगलांबीचा नारिंगी प्रकाश मिळतो. पण दृश्य प्रकाश जेमतेम एका सप्तकाएवढा, म्हणजे कंपनसंख्या एकदाच दुप्पट होण्याएवढा, त्यामुळे मंद्र आणि तार ‘सा’चा रंग एकच येणार. सप्तक बदललं की रंग नव्हे, तेज बदला. न्यूटनने सात रंग स्वरांशी जोडले होते, पण ती विभागणी सोयीची. ती जशीच्या तशी उचलू नका.