सीझरची बायको त्याला काय म्हणून हाक मारत असेल?

शाळेच्या स्नेहसंमेलनासाठी सीझरच्या खुनावर छोटं नाटक बसवणाऱ्या एका बाईंनी काही प्रश्न पाठवले आहेत. सीझरची बायको कल्पूर्निया 'ज्युलियस, आज बाहेर पडू नका' असं म्हणेल का? खरा उच्चार 'काएसार' असल्याचं कुठेतरी वाचलं, मग मुलांकडून कोणता म्हणवून घ्यायचा? 'ज्युपिटरची शपथ' घातली तर चालेल का, आणि ज्युपिटर म्हणजे आपला द्यौष्पितर हे खरं आहे की नुसतं फॉरवर्डमधलं? शेवटी, मागच्या पडद्यावरच्या नकाशात गावांची नावं कुठली लिहायची?

पहिलं उत्तर लगेच देतो: 'ज्युलियस' नको. ते त्याचं नावच नव्हे.

गाइउस यूलिउस काएसार. यातलं बारशाला ठेवलेलं नाव 'गाइउस'. (रोमन बारसंही होतं, मुलाचं नवव्या दिवशी आणि मुलीचं आठव्या.) 'यूलिउस' हे कुळाचं नाव, आणि 'काएसार' हे त्या कुळातल्या एका शाखेचं. आपल्याकडे घोरपडे हे मूळचे भोसले, पूर्वज घोरपड लावून किल्ल्याचा कडा चढला म्हणून घोरपडे झाले, असं परंपरेनं सांगतात. टोपणनाव एकाला चिकटतं, पोरानातवंडांना पुरतं आणि मग घराण्याची शाखाच त्या नावानं ओळखली जाते. रोमन तिसरं नाव बहुतेक वेळा असंच आलेलं असतं. म्हणजे इ.स.पू. ४४ मध्ये रोमनांनी सीझरच्या सन्मानार्थ क्विंटिलिस महिन्याचं नाव बदललं, तेव्हा आपण ज्याला जुलै म्हणतो त्या महिन्याला त्यांनी चक्क आडनाव दिलं.

बारशाच्या नावांची मात्र रोमनांकडे भलतीच टंचाई. सर्रास चालणारी नावं जेमतेम पंधरा-वीस: मार्कुस, लूकिउस, पूब्लिउस, क्विंटुस अशी. त्यामुळे ती शिलालेखात एका-दोन अक्षरांत उरकली तरी कुणाचं अडत नसे. रोममधल्या पँथिऑन या देवळाच्या दर्शनी पट्टीवर कोरलंय: 'एम्. अग्रिप्पा एल्. एफ्.', म्हणजे 'मार्कुस अग्रिप्पा, लूकिउसचा मुलगा', पुढे 'तिसऱ्यांदा कॉन्सल (रोमचा निवडून आलेला सर्वोच्च अधिकारी), यानं बांधलं'. (आजची इमारत हेड्रियन बादशहाच्या काळातली. त्यानं नवी बांधली, पण जुन्या माणसाचं नाव तसंच ठेवलं.) स्वतःचं नाव आणि लगोलग बापाचं, ही आपल्या हजेरीपटातली रीत. गाइउसची गंमत वेगळीच: त्याचं लघुरूप जी नसून 'सी' आहे. लॅटिनमध्ये आधी 'क' आणि 'ग' दोन्हींना मिळून 'सी' हे एकच अक्षर होतं. त्याला शेपूट लावून 'जी' तयार झालं ते पुढे. तोवर लघुरूपं रुळली होती, ती कुणी बदलली नाहीत.

मग घरात काय म्हणत? सीझरच्याच काळातला वक्ता सिसेरो (पूर्ण नाव मार्कुस तुल्लिउस किकेरो) याची पत्रं आपल्या सुदैवानं टिकली आहेत आणि त्यांच्या मायन्यांत याचं उत्तर दिसतं. भावाला लिहिताना तो 'मार्कुस' असतो: 'मार्कुसचा भाऊ क्विंटुसला नमस्कार'. बायकोला लिहिताना तो 'तुल्लिउस' होतो, म्हणजे कुळाचं नाव! आणि आत्तिकुस या जिवलग मित्राला लिहिताना 'किकेरो'. पत्राचा मायना आणि तोंडची हाक एकच असेल असं नाही, पण बारशाचं नाव अगदी घरच्या माणसांसाठी राखलेलं असे हे त्यावरून कळतं. लग्नातलं एक जुनं वाक्य प्लूटार्क या ग्रीक चरित्रकारानं नोंदवलंय. नवरीनं म्हणायचं: 'जिथे तू गाइउस, तिथे मी गाइआ.' नवऱ्याचं नाव मार्कुस असो की पूब्लिउस, वाक्य हेच. आपल्याकडे उखाण्यात निदान खरं नाव तरी घेतात.

तेव्हा माझं मत असं. चारचौघांत ती 'सीझर' म्हणेल, आणि पहाटे भयंकर स्वप्न पडून दचकून उठल्यावर 'गाइउस'. नाटकाला हा फरक उपयोगी पडेल. आता 'पडू नका' की 'पडू नकोस'? त्या काळच्या लॅटिनमध्ये आदरार्थी बहुवचन नव्हतं. गुलामसुद्धा धन्याला 'तू'च म्हणे. त्यामुळे 'अहो' म्हणायचं की नाही, हा निर्णय मराठीचा. मी 'नकोस' ठेवीन.

तिचं स्वतःचं नाव मात्र आपल्याला ठाऊक नाही असं वाटेल, कारण 'कल्पूर्निया' म्हणजे नुसतं 'कल्पूर्निउस कुळातली'. बाप लूकिउस कल्पूर्निउस पीसो, म्हणून मुलगी कल्पूर्निया. रोमन बायकांना बहुधा एवढ्यावरच भागवावं लागे. सीझरची आत्या यूलिया, दोन्ही बहिणी यूलिया, मुलगीही यूलिया. फारच घोटाळा व्हायला लागला तर थोरली, धाकटी, तिसरी. सीझरचा खून करणाऱ्यांपैकी ब्रूटसची बहीण आणि कॅशिअसची बायको यूनिया 'तेर्तिया', म्हणजे सरळसरळ 'तिसरी'. आपल्याकडच्या 'नकोशी'ची आठवण होते, पण इथे राग-लोभ काही नाही, नुसता क्रमांक.

तिसऱ्या नावांत मी जरा जास्त रेंगाळणार आहे, कारण खरी मजा तिथे आहे. टकले, बोबडे, वाकडे, डावरे, घारे ही आडनावं आपण रोज घेतो आणि कुणाच्या डोक्याकडे पाहत नाही. रोमनांचंही तेच. काल्वुस म्हणजे टकल्या, क्रास्सुस जाड्या, स्त्राबो तिरळा, स्काएवोला डावरा, नासो नाकाड्या. कवी ऑव्हिडचं पूर्ण नाव पूब्लिउस ओविदिउस नासो. कातुलुस म्हणजे कुत्र्याचं पिल्लू, आणि हे भल्या थोर घराण्याचं नाव! ब्रूटस म्हणजे मठ्ठ. यांच्या मूळपुरुषानं म्हणे राजाच्या तावडीतून वाचण्यासाठी वेड पांघरलं, मग त्याच राजाला हाकललं, आणि घराण्यानं ते नाव मिरवलं. तुमच्या नाटकात ब्रूटसला चिथावणारे नेमक्या याच पूर्वजाची आठवण करून देतील.

आणि सिसेरो म्हणजे हरभऱ्या. लॅटिनमध्ये हरभरा म्हणजे 'किकेर', त्यावरून 'किकेरो'. कुणा पूर्वजाच्या नाकाच्या शेंड्याला हरभऱ्यासारखी खाच होती, असं प्लूटार्क सांगतो. वनस्पतिशास्त्रात हरभऱ्याचं नाव आजही 'सायसर' असंच शिकवतात, ते हेच किकेर. सिसेरो राजकारणात उतरला तेव्हा मित्र म्हणाले, हे नाव टाक नाहीतर बदल. तो म्हणाला, स्काउरुस आणि कातुलुस या बड्या नावांपेक्षा मी हे नाव मोठं करून दाखवीन. सिसिलीत अधिकारी असताना त्यानं देवाला चांदीचं भांडं वाहिलं. त्यावर 'मार्कुस', 'तुल्लिउस' अशी दोन नावं अक्षरांत लिहिली आणि तिसऱ्याच्या जागी कारागिराकडून एक हरभरा कोरून घेतला.

सीझर या नावाचा अर्थ मात्र रोमनांनाच धड ठाऊक नव्हता. पोट कापून जन्मलेला, घारे डोळे, दाट केस, हत्ती मारलेला, असे चार तर्क जुन्या ग्रंथांत आहेत. पहिल्यावरून आपला सीझर 'सिझेरियन'नं जन्मला असं सर्रास सांगतात, ते सोडून द्या. हे नाव त्याच्या आधीपासून घराण्यात होतं, आणि त्याची आई आउरेलिया मुलगा चाळिशी ओलांडेपर्यंत जिवंत होती. त्या काळी पोट फाडल्यावर बाई वाचत नसे. दाट केसांचं म्हणाल तर खुद्द हा काएसार टकला होता. मागचे केस पुढे घ्यायचा, आणि सतत लॉरेलची माळ घालायला परवानगी मिळाली याचा त्याला कोण आनंद! लॅटिन 'काएसारिएस', म्हणजे केशसंभार, आणि संस्कृत 'केसर', म्हणजे आयाळ, यांचं नातं काहीजण लावतात. ते सर्वमान्य नाही.

आता उच्चार. सीझरच्या काळात लॅटिन 'सी'चा उच्चार नेहमी 'क' होता हे पक्कं आहे. ग्रीकांनी ही नावं ऐकून आपल्या लिपीत 'काइसार', 'किकेरोन' अशी लिहून ठेवली आहेत. जर्मन 'कैसर' त्यातूनच आला. पूर्वेकडून अरबी-फारसीमार्गे 'कैसर' आपल्याकडेही पोचला आणि व्हिक्टोरियाच्या 'कैसर-ए-हिंद' या किताबात बसला. तसंच सीझरचं 'वेनी, वीदी, वीकी' (आलो, पाहिलं, जिंकलं). शेवटचं 'विसी' किंवा 'विची' नव्हे, आणि 'वे' हा मराठी 'वे'सारखाच, दात ओठावर न टेकवता. म्हणजे इंग्रजी 'व्ही'साठी आपण जो 'व्ह' लिहितो, त्याची इथे गरज नाही.

तरीही मराठी नाटकात मी 'सीझर' आणि 'सिसेरो'च ठेवीन. ती नावं इंग्रजीतून आली, पण रुळली. 'काएसार' म्हटलं की मागच्या रांगेतली आजी शेजारणीला विचारणार, हा कोण नवीन? घोळ करू नका एवढंच: एकीकडे 'काएसार' आणि दुसरीकडे 'सिसेरो' असं एकाच प्रवेशात नको.

एका ठिकाणी मात्र लॅटिन रूप जरूर ठेवा: 'एत् तू, ब्रूटे!' हे वाक्य रंगभूमीनं अजरामर केलं. जुन्या इतिहासकारांत ते सापडत नाही. स्वेटोनिअस हा रोमन चरित्रकार सांगतो की काहींच्या मते सीझर ग्रीकमध्ये 'तूही, पोरा?' असं म्हणाला. पण व्याकरण अस्सल आहे. 'ब्रूटे' हे 'ब्रूटुस'चं संबोधन, जसं गणपतचं 'गणपता'.

आणि संबोधनावरूनच थेट ज्युपिटरकडे जाता येतं. हो, द्यौष्पितर खरं आहे. हे फॉरवर्डमधलं नव्हे. ऋग्वेदात सहाव्या मंडलात (६.५१.५) 'द्यौष्पितः पृथिवि मातः' अशी हाक आहे: हे आकाशबापा, हे पृथ्वीमाते. ग्रीकांची हाक 'झेउ पातेर', रोमनांची 'यूप्पितेर'. तिन्ही एकाच मूळ हाकेची रूपं. रोमनांनी एक गंमत केली: हाकेचं रूपच प्रथमेत वापरायला लागले. नवल वाटायला नको. नवऱ्याला 'अहो' म्हणता म्हणता 'आमचे अहो बँकेत असतात' असं म्हणणाऱ्या बायका आपल्या ओळखीच्या आहेत. देवाला सतत हाकच मारायची, तर हाक हेच नाव होऊन बसतं. बाकीच्या विभक्तींत मूळ शब्द उघडा पडतो: षष्ठी 'योविस', त्यावरून इटालियन 'जोवेदी' म्हणजे आपला गुरुवार. नाव वेगळं, ग्रह तोच.

मग 'रोम म्हणजे राम' आणि 'इटलीतलं रावेन्ना म्हणजे रावण' का नाही? कारण तिथे नुसता कानाला भास आहे. 'पितर'शी 'पातेर', 'मातर'शी 'मातेर', 'भ्रातर'शी 'फ्रातेर' असे आवाज रांगेनं जुळतात, आणि त्या रांगेत ज्युपिटर बसतो. आणखी एक जोडी देतो, ती कमी लोकांना ठाऊक असते. व्हीनस आणि आपली 'वनिता' एकाच धातूच्या: वन्, म्हणजे आवडणं, हवंसं वाटणं. यूलिउस कुळ स्वतःला व्हीनसचे वंशज म्हणवत असे आणि सीझरनं तिचं देऊळही बांधलं. उलट लॅटिन 'देउस' आपल्या 'देव'चा सख्खा भाऊ, पण तसाच ऐकू येणारा ग्रीक 'थेओस' मात्र परका. कानावर विसंबलं की असं फसायला होतं.

शपथेचं म्हणाल तर ज्युपिटरची शपथ भारी, तह-करारातली. येता-जाता पुरुष 'मेहेर्कुले' म्हणत, म्हणजे हर्क्युलिसच्या नावानं, आणि बायका 'एकास्तोर', कास्तोर या देवाच्या नावानं. पुरुष कास्तोरची आणि बायका हर्क्युलिसची शपथ घेत नसत, असं जुन्या लेखनाचा दाखला देऊन गेल्लिउस हा रोमन लेखक नोंदवतो. 'एदेपोल', म्हणजे कास्तोरचा जुळा भाऊ पोल्लुक्सच्या नावानं, दोघांनाही चाले. सिनेटच्या पायऱ्यांवर दोन पोरांना 'मेहेर्कुले!' म्हणू द्या, कल्पूर्नियाच्या दासीला 'एकास्तोर!'

नकाशात रोमन नावं लिहा, पण साल पाहून. पॅरिसच्या जागी 'लुतेतिया' चालेल, मार्सेच्या जागी 'मास्सिलिया'. 'लोंदिनिउम' नको, इ.स.पू. ४४ मध्ये लंडन वसलंच नव्हतं. कोलोन नको, सारागोसाही नको. स्पेनमधलं हे गाव सीझरचा वारस ऑगस्टसनं पुढे वसवलं, 'काएसारआउगुस्ता' या भारदस्त नावानं. लोकांच्या तोंडात ते झिजून सारागोसा झालं, जसं प्रतिष्ठानचं पैठण.

पैठणचं नाव निघालंच आहे, तर तेही नकाशावर घालायचा मोह होईल. सीझरनंतर शंभरेक वर्षांनी एका ग्रीक खलाशानं लिहिलेल्या 'पेरिप्लुस'मध्ये ते आहे: भडोचपासून दक्षिणेला वीस दिवसांवर 'पैथान', तिथून पूर्वेला दहा दिवसांवर 'तगर', म्हणजे धाराशिव जिल्ह्यातलं तेर. 'काल्लिएना' आणि 'सुप्पारा' ही बंदरं तर ओळखावीही लागत नाहीत. लक्षात घ्या, तो 'प्रतिष्ठान' लिहीत नाही. बंदरावरच्या माणसांच्या तोंडी तेव्हाच झिजलेलं रूप होतं आणि त्यानं ते जसंच्या तसं टिपलं. या मुलखाला 'दाखिनाबादेस' म्हणतात असं सांगून तो पुढे खुलासा करतो की इथल्या लोकांच्या भाषेत 'दाखानोस' म्हणजे दक्षिण.