आधी पाऊल

चिरंजीवास अनेक आशीर्वाद.

बालनाट्यातल्या राक्षसाचे काम आले आहे, पण अंगभर पोशाख आणि डोक्यावर मुखवटा असल्याने तोंड कोणाला दिसणार नाही, म्हणून सोमवारी नकार कळवू का, असे तू विचारले आहेस. ज्या गॉडझिलाची चित्रे तू लहानपणापासून भिंतीवर चिकटवलीस, त्या जपानी सिनेमातल्या राक्षसाच्या पोशाखात हारुओ नाकाजिमा हा नट होता, हे तुला मी सांगायचे का?

१९५४ साली दिग्दर्शक कुरोसावांच्या ‘सेव्हन सामुराय’ चित्रपटात तो दरोडेखोरांच्या घोळक्यातला एक होता आणि त्याच वर्षी तो गॉडझिला झाला. पहिल्या पोशाखाचे वजन सुमारे १०० किलो होते. त्यात धड चालता येईना, तेव्हा तो कापून अर्ध्या अंगाच्या दृश्यांसाठी ठेवला आणि दुसरा केला, पण तोही काही पिसासारखा नव्हता. त्यात कॅमेऱ्याची गती नेहमीपेक्षा जास्त ठेवत, म्हणजे पडद्यावर हालचाल संथ व अवजड दिसे; त्यामुळे आतल्या माणसाला दिव्यांच्या उकाड्यात, ते ओझे वागवत, उलट भरभर हलावे लागे. पाऊल कसे पडावे हे शिकायला तो टोकियोतल्या उएनोच्या प्राणिसंग्रहालयात जाऊन हत्ती आणि अस्वले पाहत असे. आधी पाऊल, बाबा. चेहऱ्याचे मागाहून पाहू.

मी ३० वर्षांपूर्वी अस्वलाची भूमिका नाकारली. घरी तान्हे मूल आहे, दौरे झेपणार नाहीत, असे सगळ्यांना सांगितले, आणि ते खोटेही नव्हते. पण खरी अडचण मुखवट्याची होती. पुढे एका मालिकेत चेहरा दिसेल असे काम मिळाले, तेव्हा नुसते दारातून आत येण्याचे दृश्य दिग्दर्शकाने माझ्याकडून नऊ वेळा करून घेतले, कारण माझे पाऊलच बसत नव्हते. तरी सांगतो, त्या अस्वलाचे मानधन खरोखरच फार तुटपुंजे होते. असो.

नाकाजिमाने १९७२ पर्यंत १२ चित्रपटांत गॉडझिला केला आणि नंतर चित्रपट कंपनीने त्याला आपल्या बोलिंगच्या केंद्रावर कामाला लावले. कदर होईल असे मी म्हणतच नाही. मी पावलाबद्दल बोलतो आहे आणि तू पुन्हा चेहऱ्यावरच येतोस!

सोमवारच्या आधी कात्रजच्या प्राणिसंग्रहालयात जा, हत्तीसमोर तासभर उभा राहा, मोबाइल खिशात ठेव आणि तो मागचा पाय नेमका केव्हा उचलतो ते मला कळव.