विकायची तारीख करारातच ठरते : वाचकांचे प्रश्न

जर्मन फुटबॉलवर आलेल्या पत्रांत सर्वाधिक विचारणा बोरुसिया डोर्टमुंड क्लबचे माजी स्पोर्टिंग डायरेक्टर मिशाएल झोर्क यांच्याविषयी होती. त्यामुळे या वेळची बहुतेक उत्तरं त्यांच्याच आधाराने दिली आहेत.

प्रश्न (सांगली) : सामना चालू असताना राखीव खेळाडूंच्या बाकावर साध्या कपड्यांतला एक माणूस बसलेला दिसतो. तो प्रशिक्षक नाही. मग मालक का?

मालक तर नक्कीच नाही. जर्मनीत '50+1' नियमामुळे बहुमताचा हक्क सभासदांच्या मूळ क्लबकडेच राहतो. लेवरकुसेन, वोल्फ्सबुर्ग हे क्लब अपवाद. तुम्ही पाहता तो स्पोर्टिंग डायरेक्टर. प्रशिक्षक शनिवारच्या सामन्याचा विचार करतो, तर हा पुढच्या तीन हंगामांचा. प्रशिक्षक नेमणं आणि काढणं, खेळाडू घेणं-विकणं, करार वाढवणं, स्काउट (खेळाडू हेरणारी माणसं) पाठवणं, अकादमीतली मुलं वर आणणं ही सगळी त्याची कामं. पैशाची शेवटची सही मात्र मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याची असते. डोर्टमुंडमध्ये ती 2005 पासून हान्स-योआखिम वात्स्के यांची होती.

खटके बहुधा प्रशिक्षकाशी उडतात. 2016 मध्ये एका खेळाडूच्या खरेदीवरून प्रशिक्षक थॉमस टूखेल आणि मुख्य स्काउट स्वेन मिस्लिनटाट यांचं इतकं बिनसलं की मिस्लिनटाटना सरावाच्या मैदानावर येण्याची बंदी झाली. टूखेल 2017 मध्ये जर्मन कप जिंकून तीन दिवसांत गेले. प्रशिक्षक जातात, त्यांच्या पसंतीने घेतलेले खेळाडू आणि त्यांचे पगार मागे उरतात. म्हणून तर ही वेगळी खुर्ची लागते.

प्रश्न (कोल्हापूर) : झोर्क एकाच क्लबमध्ये इतकी वर्षं कसे टिकले? आमच्याकडे तालमीच्या संघाचे कारभारीसुद्धा एवढे टिकत नाहीत.

तालमींशी तुलना अगदीच वावगी नाही, कारण झोर्क घरचेच. जन्म 1962 मध्ये डोर्टमुंडलाच. 1981 ते 1998 त्याच क्लबकडून खेळले. बुंडेसलीगाचे (जर्मनीची सर्वोच्च लीग) 463 सामने आणि मिडफिल्डर असून 131 गोल, त्यातले बरेच पेनल्टीवरचे. 1995 आणि 1996 ची विजेतेपदं त्यांच्या नावावर आहेत. 1997 च्या चॅम्पियन्स लीग अंतिम सामन्यात ते अगदी शेवटच्या मिनिटांत मैदानावर उतरले. 1998 मध्ये बूट काढले आणि थेट क्लबच्या कचेरीत जाऊन बसले. तिथून उठले 2022 मध्ये.

पहिली काही वर्षं मात्र त्यांचं कौतुक करण्यासारखी नाहीत. क्लब ऑक्टोबर 2000 मध्ये शेअर बाजारात गेला, शेअरचा भाव 11 युरो होता. पैसा आला तसा उधळला. 2001 मध्ये पार्माकडून मार्सिओ अमोरोसो आणला, सुमारे अडीच कोटी युरोंना. 2002 मध्ये विजेतेपद मिळालं, पण पगार चॅम्पियन्स लीगच्या उत्पन्नावर बेतलेले होते. तिथलं स्थान हुकलं आणि हिशेब कोसळला. स्टेडियम एका फंडाला विकून झालं होतं. प्रतिस्पर्धी बायर्न म्युनिक क्लबकडून 20 लाख युरो उसने घ्यावे लागले. 14 मार्च 2005 रोजी ड्युसेलडोर्फच्या विमानतळावर त्या फंडाच्या गुंतवणूकदारांची सभा झाली आणि त्यांनी क्लबला सवलत देण्याच्या बाजूने मत दिलं, तेव्हा क्लब वाचला. खेळाडूंनी पगारात 20 टक्के कपात सोसली.

झोर्क यांची खरी कारकीर्द इथून सुरू होते. पैसा नव्हता, म्हणून वय बघून खरेदी सुरू झाली. ऑगस्ट 2005 मध्ये अकादमीतला नुरी शाहीन 16 व्या वर्षी बुंडेसलीगात उतरला. 2008 मध्ये माइन्झहून प्रशिक्षक युर्गन क्लॉप आले, त्यांच्यापाठोपाठ नेवेन सुबोटिच. बायर्नला नको असलेला माट्स हुमेल्स आधी उसना आणि मग सुमारे 42 लाखांत कायमचा. 2010 मध्ये ओसाकाहून शिंजी कागावा आला अवघ्या साडेतीन लाख युरोंना. दोन वर्षांनी तो सुमारे 1.6 कोटींना मँचेस्टर युनायटेडला गेला. मधल्या काळात 2011 आणि 2012 ची विजेतेपदं झाली.

प्रश्न (ठाणे) : स्वस्तात घेऊन महागात विकणं ही हुशारी म्हणावी, तर लेवांडोव्स्की फुकट कसा गेला आणि ग्योट्झे बायर्नला का दिला?

दोन्हींचं उत्तर करारात आहे. फुटबॉलमध्ये खेळाडू विकण्याची वेळ क्लब निवडत नाही. ती करार लिहिताना ठरून गेलेली असते.

फिफाच्या नियमाप्रमाणे करार जास्तीत जास्त पाच वर्षांचा, 18 खालच्यांसाठी तीन वर्षांचा. करार संपायला सहा महिने उरले की खेळाडू दुसऱ्या क्लबशी मोकळेपणाने सही करू शकतो. त्याआधी बोलणी करायची तर त्याच्या क्लबला लेखी कळवावं लागतं. लेवांडोव्स्की 2010 मध्ये पोझनानहून सुमारे 45 लाख युरोंना आला, करार 2014 पर्यंत. त्याने मुदत वाढवली नाही. 2013 च्या उन्हाळ्यात बायर्नला विकून पैसे मिळाले असते. डोर्टमुंडने नकार दिला, शेवटचं वर्ष खेळवलं, त्याने लीगमध्ये सर्वाधिक 20 गोल केले आणि तो फुकट गेला. हा निर्णय चूक होता असं म्हणता येणार नाही. तोटा झाला तो नंतर. त्याच्या जागी इटालियन लीगमध्ये 22 गोल करून आलेला चिरो इमोबिले घेतला. मोकळ्या जागेत धावणारा हा खेळाडू, आणि डोर्टमुंडसमोर प्रतिस्पर्धी आपल्या गोलपुढे गर्दी करून बसतात. बुंडेसलीगात त्याचे गोल झाले तीन. आकडा बघून घेतला, तो आकडा कसा जमला होता ते बघायचं राहिलं.

ग्योट्झेच्या करारात 3.7 कोटींचं मुक्तीकलम होतं : कुणीही तेवढी रक्कम मोजली की क्लब अडवू शकत नाही. बातमी फुटली 23 एप्रिल 2013 ला, रेआल माद्रिदविरुद्धच्या उपांत्य सामन्याच्या आदल्या दिवशी. स्पेनमध्ये असं कलम सक्तीचं आहे. जर्मनीत ते वाटाघाटीचा भाग असतं, आणि त्याशिवाय हालांडसारखा नामांकित स्ट्रायकर सहीच करत नाही. म्हणून कलम नाकारण्यापेक्षा नीट लिहिणं महत्त्वाचं. रक्कम किती, कोणत्या तारखेपर्यंत लागू, पैसे एकरकमी की हप्त्याने. यातली तारीख सर्वांत मोलाची. ती उन्हाळ्याच्या सुरुवातीची असेल तर बदली खेळाडू शोधायला क्लबला दोन महिने मिळतात.

या सगळ्याचा उत्तम नमुना म्हणजे जेडन सांचो. 2017 मध्ये 17 वर्षांचा असताना मँचेस्टर सिटीकडून आला. 2020 मध्ये युनायटेड मागे लागलं, तेव्हा झोर्क यांनी 10 ऑगस्ट ही मुदत घातली. ती उलटताच त्यांनी सांगून टाकलं की सांचो इथेच राहणार, आणि त्याचा करार तर आदल्या वर्षीच, पगार वाढवताना, 2023 पर्यंत वाढवलेला आहे. तोवर बाहेर कुणालाच पत्ता नव्हता. पुढच्या वर्षी, दोन वर्षं शिल्लक असताना, तो 8.5 कोटींना गेला.

हिशेबाच्या वहीत हे असं दिसतं. उस्मान डेम्बेले 2016 मध्ये 1.5 कोटींना, पाच वर्षांच्या करारावर आला. खरेदीची रक्कम कराराच्या वर्षांत वाटून लिहितात, म्हणजे दरवर्षी 30 लाख खर्ची पडणार. वर्षभराने वहीत त्याची किंमत 1.2 कोटी उरली आणि बार्सिलोनाने मोजले 10.5 कोटी, वर अटींवर अवलंबून आणखी रक्कम. फरकाचे 9.3 कोटी सगळे क्लबचे नसतात. एजंट आणि आधीचा क्लब वाटा घेतात. शिवाय परदेशी बदलीत रकमेचे 5 टक्के खेळाडूला 12 ते 23 वयात घडवणाऱ्या क्लबांना जातात : 12 ते 15 वयाच्या प्रत्येक हंगामाला 0.25 टक्के, पुढच्या प्रत्येकाला अर्धा टक्का. (डोर्टमुंडचे आकडे इतके नेमके कळतात, कारण शेअर बाजारातल्या कंपनीला मोठा व्यवहार जाहीर करावाच लागतो.)

प्रश्न (नागपूर) : खेळाडूंच्या बदल्यांच्या मुदतीत शेवटच्या दिवशी एवढी धावपळ का होते?

कारण एक सौदा दुसऱ्यावर अडलेला असतो. आपला स्ट्रायकर गेल्याशिवाय नवा घेता येत नाही, आणि नव्याच्या क्लबलाही त्याच्या जागी दुसरा हवा असतो. वैद्यकीय तपासणी आणि सह्या झाल्या तरी काम संपत नाही. कागद वेळेत जर्मन लीगच्या नोंदणी प्रणालीत चढवावे लागतात. तिचं नाव 'टोर', जर्मनमध्ये याचा अर्थ गोल! आंतरराष्ट्रीय बदली असेल तर फिफाच्या प्रणालीतही नोंद हवी. जानेवारी 2011 मध्ये एरिक मॅक्सिम चुपो-मोटिंग हाम्बुर्गहून कोलोनला जाणार होता. सगळं ठरलं होतं, पण फॅक्सने घोळ घातला, सही केलेला कागद काही मिनिटं उशिरा पोहोचला आणि बदली रद्द झाली.

प्रश्न (नाशिक) : व्यावसायिक फुटबॉल न खेळता या पदावर पोहोचता येतं का?

येतं, पण वाट स्काउटिंगमधून जाते. मिस्लिनटाट तसेच आले आणि पुढे श्टुटगार्टचे स्पोर्टिंग डायरेक्टर झाले. माजी खेळाडूंनाही आता थेट खुर्ची मिळत नाही. झोर्क यांचे वारस सेबास्टियान केल आधी चार वर्षं व्यावसायिक संघाचा विभाग सांभाळत होते. लेवरकुसेनचे सिमोन रोल्फेस अकादमीतून वर आले. पद दमवणारंही आहे. माक्स एबर्ल यांनी ग्लाडबाख क्लबचं हेच काम 13 वर्षांहून अधिक काळ केल्यावर जानेवारी 2022 मध्ये थकव्यामुळे सोडलं, भर पत्रकार परिषदेत रडत. नंतर ते लाइपझिगला आणि 2024 मध्ये बायर्नला गेले.

प्रश्न (पुणे) : माझा भाचा 15 वर्षांचा आहे. एक एजंट जर्मन क्लबमध्ये करार मिळवून देतो म्हणून पैसे मागतो आहे. द्यावेत का?

देऊ नका. 18 वर्षांखालील खेळाडूची परदेशात नोंदणी फिफाच्या नियमाने बंद आहे. 16 ते 18 ची सूट युरोपीय संघाच्या आतल्या बदल्यांपुरती आहे. सांचो आणि बेलिंगहॅम हे इंग्रज खेळाडू 17 व्या वर्षी डोर्टमुंडला जाऊ शकले ते याच सूटीमुळे, आणि 2021 पासून ती इंग्रज मुलांनाही नाही. आईवडील फुटबॉलशी संबंध नसलेल्या कारणाने जर्मनीत राहायला गेले तर गोष्ट वेगळी. 18 नंतरही व्हिसासाठी ठरावीक किमान पगाराचा करार लागतो. एजंटकडे फिफाचा परवाना क्रमांक मागा आणि तो फिफाच्या यादीत स्वतः शोधा. क्लबचं पत्र दाखवलं तर त्यावरच्या पत्त्यावर नाही, क्लबच्या अधिकृत संकेतस्थळावरच्या पत्त्यावर विचारणा करा.