मामांचं जग लुकलुकतंय, काय करू?

प्रश्न : नमस्कार सर. आमचे मामा सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीच्या अडत दुकानात दिवाणजी आहेत. एकदा दुपारी काम नव्हतं म्हणून पोत्याला टेकून वर पंख्याकडं बघत बसलेले, तर तो सरळ फिरतोय का उलटा हेच त्यांना कळेना, आणि तिथनं थिअरी सुरू झाली. म्हणजे असं, की सगळं जगच ट्यूबलाइटसारखं चालू-बंद होतंय, दगड, माणूस, कृष्णेचं पाणी, सगळं. मधल्या टायमाला काहीच नसतं, आपणपण नसतो, म्हणून कुणाला कळत नाही. नाव ठेवलंय 'लुकलुक सिद्धांत'. दोनशे पानी वही भरली, आणि यूट्यूबवर प्लांक टाइम बघितल्यापासून म्हणतात हाच तो लुकलुकीचा टाइम. मामी म्हणते डोक्यावर परिणाम झालाय. ह्यात काय तथ्य आहे का, आणि वही कुठं पाठवायची?
— एक भाचा, सांगली

उत्तर : भाचेसाहेब, आधी मामींना सांगा की डोकं शाबूत आहे. जग क्षणाक्षणाला नाहीसं होतं आणि नवं होतं हे बौद्ध पंडितांनी शेकडो वर्षांपूर्वी मांडलंय, क्षणिकवाद म्हणतात त्याला, त्यावर मोठमोठे वाद झालेत. फक्त त्यांना हे पंख्यावरनं सुचलं नव्हतं.

आता पंखाच बघू, कारण सगळी वही त्याच्यावर उभी आहे. आपल्याकडं वीज ५० हर्ट्झची, त्यामुळं चोकवाली जुनी ट्यूब सेकंदाला १०० वेळा उजळते आणि मंदावते. पंखा मिनिटाला साधारण ३३३ फेरे मारत असला तर दोन उजेडांच्या मध्ये पातं बरोबर २० अंश सरकतं, म्हणून नीट बघितलं तर तीन पात्यांऐवजी अठरा पुसट पाती जागच्या जागी थांबल्यासारखी दिसतात. व्होल्टेज जरा पडलं, पंखा किंचित मंद झाला, की पातं वीसला थोडं कमी पडतं आणि ती अठरा भुतं हळूहळू उलटी चालायला लागतात. मामांनी बघितलं ते खरंच आहे, डोळ्यांचा दोष नाही. पण लुकलुकत होती ती ट्यूब. भर दुपारी ट्यूब बंद करून खिडकीच्या उजेडात तोच पंखा बघा म्हणावं, उलटा चालायचा बंद होईल, आणि जग लुकलुकत असतं तर तसं व्हायचं काही कारण नव्हतं.

ह्यावर मामा म्हणतील की नाही नाही, जगाची लुकलुक फार बारीक आहे, ती अशी दिसायची नाही. मला खटकतं ते इथंच. दिसली तरी थिअरी बरोबर, नाही दिसली तरी बरोबर, आणि आपण स्वतःच बंद असल्यामुळं कधीच पकडता यायची नाही! कार्ल पॉपर नावाच्या तत्त्वज्ञानं १९३४ साली लिहून ठेवलंय की जी थिअरी कुठल्याच निरीक्षणानं खोटी पडू शकत नाही ती विज्ञानात बसत नाही. तेव्हा मामांना विचारा, काय दिसलं तर तुम्ही वही मिटवाल?

प्लांक टाइमचं म्हणाल तर तो आकडा मॅक्स प्लांकनं १८९९ मध्ये काढलेल्या एककांतला. गुरुत्वाकर्षण, प्रकाशाचा वेग वगैरे स्थिरांक एकत्र केले की तो निघतो, एका सेकंदाचा इतका बारीक तुकडा की दशांश चिन्हानंतर ४३ शून्यं येतात. पण काळ तेवढ्या तुकड्यांत 'येतो' असं अजून कुणी दाखवलेलं नाही.

खरी अडचण वेगळीच आहे आणि मामांना ती आवडेल असं वाटतं. सगळं विश्व 'एकदम' बंद होतं म्हणता, तर एकदम म्हणजे कुणाच्या घड्याळानं? आइन्स्टाइननं १९०५ मध्ये दाखवलं की लांबच्या दोन घटना एकाच वेळी घडल्या का नाही हे बघणाऱ्याच्या वेगावर ठरतं. मामा सांगली स्टेशनात बाकड्यावर बसलेत आणि तुम्ही ताशी १०० किलोमीटरनं जाणाऱ्या गाडीत आहात, गाडी समजा देवयानी दीर्घिकेच्या दिशेनं चाललीय. ती दीर्घिका इथनं २५ लाख प्रकाशवर्षं लांब, आणि तिथं 'आत्ता' काय चाललंय ह्यात तुमच्यात आणि मामांच्यात जवळजवळ तीन महिन्यांचा फरक पडतो. डोळ्यांना काही दिसणार नाही, गणितात मात्र पडतो, आणि हे गणित असंख्य प्रयोगांत टिकलंय. मग विश्वाचं बटण दाबणारा कुणाचं 'आत्ता' धरतो? मामांचं का तुमचं? ह्याचं उत्तर वहीत असेल तर ती पानं मला आधी दाखवा, खरंच.

वही कुठं पाठवू नका, दोनशे पानं अनोळखी माणसाची कुणी वाचत नाही, मीपण नाही. एक पान करायला सांगा. सेकंदाला किती वेळा लुकलुक, कुठल्या प्रयोगात ती दिसेल, आणि बटणाचं उत्तर. तोवर रविवारी यार्ड बंद असेल तेव्हा मामांच्या घरी ट्यूब-पंख्याचा प्रयोग करा, मामींनाही बोलवा. चोकवाली ट्यूब पाहिजे हं, नवीन इलेक्ट्रॉनिक पट्टीखाली ही गंमत बहुतेक दिसायची नाही आणि मामा म्हणतील जग दुरुस्त झालं.