कढईतलं तेल पेटलं तर?

प्रश्न : चकल्या तळताना फोन आला म्हणून हॉलमध्ये गेले. परत येते तो कढईतलं तेल पेटलेलं! सासूबाईंनी पाण्याचा तांब्या उचलला, मी त्यांचा हात धरला. अजून त्या रागावलेल्याच आहेत. माझं चुकलं का?
– एक वाचक, डोंबिवली

उत्तर : ताई, हात धरलात तेच बरोबर केलंत. अग्निशमन दलात माझी उमेदीची वर्षं गेली. तेलावर पाणी ओतल्यामुळे छतापर्यंत काळी पडलेली स्वयंपाकघरं बरीच पाहिली. पाणी तेलाखाली बुडतं, क्षणात वाफ होऊन शेकडो पटींनी फुगतं आणि पेटतं तेल चौफेर उडवतं. गॅस बंद करा, परातीची ढाल करून ती कढईवर सरकवा. मग हात लावू नका! पाच मिनिटांनी ‘बघू तरी’ म्हणून झाकण उचललं की तापलेलं तेल पुन्हा पेटतं. कढई उचलून मोरीकडे धावणं तर नकोच.

पडदा किंवा कपाट पेटलं असेल, तर शौर्य पुरे. सगळ्यांना बाहेर काढा, दार ओढून घ्या, जिन्याने उतरा आणि खालून 101 किंवा 112 लावा. दागिन्यांसाठी परत वर जाऊ नका.

सासूबाईंना हे उत्तर वाचून दाखवा. माझं नाव पुढे केलंत तरी चालेल.